रानभैरवाची अर्धी हाक

अमरावतीच्या ध्वनिवंश प्रयोगशाळेच्या दारावर एक पाटी होती : 'चपला आणि गप्पा बाहेर ठेवाव्यात.' आतल्या भिंतींना आवाज शोषणारा जाड नमदा लावलेला होता. तिथे काम करणारी माणसे घरी गेल्यावरही हळू बोलत, अशी त्यांच्या घरच्यांची तक्रार होती. आनंदराव हुपरीकर त्या सकाळी दोन्ही गोष्टी आत घेऊन आले. पायांत करकरणाऱ्या कोल्हापुरी वहाणा आणि तोंडात बाहेरूनच सुरू झालेले वाक्य.

"...आणि मला म्हणत्यात परवानगी घ्या! माझ्याच घशाची!"

"आबा, आधी बसा," डॉ. वैजयंती म्हणाली. ती प्रयोगशाळेची प्रमुख, आणि आनंदरावांची एकुलती एक मुलगी.

आनंदरावांनी सत्त्याऐंशी वर्षांच्या आयुष्यात एकाच चित्रपटात नायकाचे काम केले होते. चित्रपटाचे नाव 'रानभैरव'. तालमीतून थेट कॅमेऱ्यापुढे आलेला हा पैलवान पुन्हा पडद्यावर दिसला नाही, पण त्याची एक आरोळी मात्र महाराष्ट्राने उचलून धरली. लग्न असो, शाळेचे स्नेहसंमेलन असो, लोक त्यांच्याकडे तेवढेच मागत. आबा तोंडाशी तळवे धरत आणि 'होऽऽ ओऽऽ होऽऽ' अशी चढत जाणारी हाक देत. तिसऱ्या चढावर त्यांच्या घशात एक ठसका येई. नेमका तोच ठसका आला की टाळ्या पडत.

गेल्या गणेशोत्सवात मंडळाच्या पोरांनी आग्रह केला म्हणून आबांनी हाक दिली, आणि पंधरवड्यात नोटीस आली. रानभैरवाची पुस्तके, चित्रपट, चित्रकथा, खेळ असे सगळे हक्क आता एका मनोरंजन कंपनीकडे होते. साबणाच्या वडीवरचे चित्र जसे राखून ठेवता येते, तसा आवाजही 'ध्वनिमुद्रा' म्हणून नोंदवता येतो. कंपनीने ही हाक नोंदवून टाकली होती. कंपनीचे म्हणणे, चित्रपटातली हाक आनंदरावांची नव्हेच. ती मागाहून स्टुडिओत कोल्ह्याची कुई, सनईचा सूर आणि एका गायकाचा आवाज मिसळून बनवली. मूळ रीळ आगीत गेले होते. तंत्रज्ञ सगळे देवाघरी गेले होते. उरलेला साक्षीदार एकच, आणि त्याच्यावरच लवादापुढे दावा होता.

"मला पैका नको," आबा म्हणाले. "पण मेल्यावर कुणी म्हणू नये की हुपरीकराच्या घशात कोल्हा हुता. वैजू, ती हाक माझी हाय, एवढं तुझ्या यंत्राकडनं लिहून दे."

वैजयंतीने शेजारी बसलेल्या डॉ. हिरालाल बेठेकरकडे पाहिले. हिरालाल पक्ष्यांच्या आवाजांचा अभ्यासक होता. सातपुड्यातल्या भवरखोऱ्यात झाडाझाडांवर त्याने श्रवणयंत्रे बसवली होती. प्रयोगशाळेत त्यांना 'रानकान' म्हणत.

"आबा, यंत्राच्याही आधी हे ऐका," हिरालाल म्हणाला आणि त्याने एक कळ दाबली.

आधी पानांची सळसळ आली. मग एका पाखराची शीळ, दुसऱ्या पाखराचे भांडण, मांजराचे म्याव, आणि त्या गलक्यात स्वच्छ, चढती, ओळखीची हाक : होऽऽ ओऽऽ होऽऽ.

आबा खुर्चीतून अर्धे उठले. "ह्यो कोण?"

"भृंगराज. कोतवालाच्या जातीतला पक्षी. शेपटीला दोन लांब तारा आणि टोकाला पिसांचे झुबके. पक्का नकलाकार. जे ऐकतो ते उचलतो आणि पिलांना देतो. तुमच्या चित्रपटाचं शूटिंग झालं तिथंच, भवरखोऱ्यात."

आबा पुन्हा खुर्चीत टेकले. मग लहान मुलासारखे म्हणाले, "म्हंजे रान मला ओळखतंय?"

त्यांच्या डोळ्यांत पाणी आले होते. वैजयंतीच्याही आले. हाक त्या रानात आबांच्या घशातून निघाली आणि पाखरांनी ती उचलली, हे सिद्ध झाले तर स्टुडिओची सनई आपोआप खोटी ठरत होती.

"पण सिद्ध कसं करणार?" आबांनी विचारले.

"सलामीच्या हातावरून," हिरालाल हसून म्हणाला. "तुम्हीच मागे सांगितलं होतं न?"

तालमीतला तो किस्सा आबांच्या आवडीचा होता. त्यांच्या वस्तादांचा डावा खांदा एका कुस्तीत उतरला होता. तेव्हापासून त्यांचा सलामीचा हात जरा डावीकडे झुके. पठ्ठ्यांनी वस्तादांचे पाहून तोच झुकता हात उचलला. त्यांच्या पठ्ठ्यांनी त्यांच्याकडून. आता खांदे सगळ्यांचे धड आहेत, पण तो हात दिसला की कोल्हापुरात कुणीही सांगेल, हा अमक्या वस्तादांच्या घराण्यातला.

"आमचं शास्त्र तेवढंच आहे आबा," वैजयंती म्हणाली. "बरोबर गोष्टीवरून नातं कळत नाही, ती कुणालाही स्वतंत्रपणे सुचू शकते. सारखी चूक मात्र एकाकडूनच दुसऱ्याकडे जाते. कुठल्या नकलेत कुठली चूक आहे ते पाहत मागे मागे गेलं, की नकलांचा वंशवृक्ष उभा राहतो. आणि बुंध्याशी काय होतं, ते न ऐकताही सांगता येतं. त्याला आम्ही पूर्वजध्वनी म्हणतो."

"मग सोप्पं हाय," आबा म्हणाले. "माझा ठसका हुडका. त्या दिवशी धुराचं मडकं पेटवलं हुतं, रानात धुकं दाखवायला. तिसऱ्या चढाला धूर घशात गेला. डायरेक्टर म्हणाला, राहू दे, खरं वाटतंय. आणि तुला सांगतो हिरालाल, तसल्या झकास टेकाची बी कुणीतरी वाट लावली असती..."

वैजयंतीला पुढचे पाठ होते. हा किस्सा तिने पाळण्यात असल्यापासून ऐकला होता. आबांनी कड्यावरून हाक दिली, की खाली खोऱ्यातून कुणीतरी बेनं ओरडायचं. पुन्हा टेक, पुन्हा ओरडणं. डायरेक्टरने टोपी फेकली, माणसे पिटाळली, तरी ते थांबेना. शेवटी मागाहून कात्री लावून ते ओरडणे कापून टाकले. आबा त्या ओरडण्याची अशी काही नक्कल करत, की ऐकणारे लोटपोट होत. त्या दिवशीही त्यांनी केली, आणि नमदा लावलेल्या खोलीत तिघेही मनापासून हसले.

वंशवृक्षाचे काम सुरू झाले. वैजयंतीने आधी रानभैरवाचे झाड मांडले. पन्नाशीच्या दशकात पुण्याच्या एका शाळामास्तराने त्याला जन्म दिला होता. मास्तरांनी पेशवे पार्कापलीकडचे रान पाहिलेले नव्हते. पण त्यांच्या पहिल्या पुस्तकाचे पहिले वाक्य दोन पिढ्यांना तोंडपाठ होते : 'जिथे मानवाचे पाऊल कधी पडले नव्हते, अशा त्या अरण्यात एक आरोळी घुमली.'

"पाऊल पडलं नव्हतं तर आरोळी ऐकली कोणी?" हिरालालने विचारले.

"मास्तरांनी. पुण्यात," वैजयंती म्हणाली.

रानभैरव हा अस्वलांनी वाढवलेला सरदारपुत्र. सुरुवातीला तो गोरापान होता आणि दर प्रकरणाला एक वाघ मारत असे. मग तो तस्कर पकडू लागला. चित्रकथेत आला तेव्हा आयांच्या तक्रारीवरून त्याला गुडघ्यापर्यंत विजार मिळाली. पुढे बिस्किटाच्या पुड्यावर त्याचे दात फार पांढरे झाले. दूरदर्शनवर तो झाडे लावू लागला, आणि आताच्या आभासी खेळात तर तो वाघ वाचवणारा, मगरीची माफी मागणारा सज्जन गृहस्थ झाला होता. काळाला जसा पुरुष हवा, तसा रानभैरव. एवढ्या फांद्यांमध्ये दोनच गोष्टी कधी बदलल्या नाहीत. एक, तो रानात एकटा असे. दुसरी, ती हाक. चित्रपटानंतरच्या प्रत्येक हाकेत, खेळण्यातल्या, दाराच्या घंटीतल्या, बारशाला आलेल्या मामाच्या हाकेतसुद्धा, तिसऱ्या चढावर ठसका होता.

कंपनीने नोंदवलेल्या ध्वनिमुद्रेतही होता.

मग पाखरांची फांदी जोडायची वेळ आली. खोऱ्याच्या तीन कड्यांवरच्या भृंगराजांचे आवाज यंत्रात घातले गेले. दुपारी निकाल आला तेव्हा हिरालालने तो वैजयंतीला दाखवला आणि स्वतः खिडकीपाशी जाऊन उभा राहिला.

पाखरांच्या हाकेत ठसका नव्हता. एकाच्याही नाही.

"विसरली असतील," वैजयंती म्हणाली. "पहिल्याच पाखराने गाळला असेल."

"मीही तेच म्हटलं. पण मॅडम, पुढे ऐका. आपण आजवर हाक संपली की आवाज तोडत होतो. मी तोडला नाही."

हाक झाली. मग नुसती पानांची सळसळ. वैजयंती काही बोलणार, तेवढ्यात त्याच पाखराने दुसरा आवाज काढला. खालच्या पट्टीतला, लांबून आल्यासारखा, शेवटी खाली उतरणारा : हूऽऽ.

"हे दुसऱ्या घशातलं आहे," हिरालाल म्हणाला. "माणसाच्याच, पण दुसऱ्या माणसाच्या. भृंगराज जसं ऐकतो तसं उचलतो, लांबचं लांबूनच. तिन्ही कड्यांवरच्या पाखरांत हे शेपूट आहे. तिघांत आहे म्हणजे बुंध्यात होतं. पूर्वजध्वनी एका माणसाचा नाही, दोघांचा आहे. एकाने हाक द्यायची, दुसऱ्याने ओ द्यायची."

"चित्रपटात ओ नाही."

"नाही. म्हणजे पाखरं चित्रपटाकडून शिकली नाहीत. दोघंही, पाखरं आणि आबा, तिसऱ्याच कुणाकडून शिकले. आबा बुंधा नाहीत मॅडम. आबा फांदी आहेत."

वैजयंती पडद्याकडे पाहत राहिली. आवाजाची ती निळी रेघ, मध्ये सपाट शांतता, आणि मग एक छोटासा उंचवटा. शेपूट तोडून टाकले तर उरलेली हाक आबांच्या हाकेशी तंतोतंत जुळत होती. ठसका पाखरे विसरली, असे म्हणता आले असते. लवादापुढच्या किती तज्ज्ञांनी हाकेपुढची शांतता ऐकत बसण्याची तसदी घेतली असती? तिचा हात कळीवर गेला. वडिलांचे वय सत्त्याऐंशी होते आणि त्यांनी आयुष्यात तिच्याकडे मागितलेली ही एकच गोष्ट होती.

"कापू?" तिने विचारले. स्वतःचाच आवाज ऐकून तिला लाज वाटली.

हिरालाल खिडकीपासून वळला. मग म्हणाला, "एकदा कापलंय न ते कोणीतरी."

तेव्हा तिला आबांचा किस्सा आठवला. कात्री, फेकलेली टोपी, आणि खालून ओरडणारे बेनं. तिने हात मागे घेतला.

"हिरालाल," ती सावकाश म्हणाली, "आबांच्या प्रत्येक टेकला खालून कोणीतरी ओरडत होतं. ते टेक बिघडवत नव्हतं. उत्तर देत होतं."

"अनोळखी आरोळीला कोणी उत्तर देत नाही मॅडम. ती हाक त्यांची होती म्हणूनच दिलं."

तो परत पडद्यापाशी आला. त्याचा चेहरा आता वेगळा दिसत होता. "आणखी एक गोष्ट आहे. मी तुम्हांला सांगणार नव्हतो, आधी खात्री करायची होती. हाक आणि ओ यांच्यामधली शांतता तिन्ही कड्यांवर सारखी नाही."

"पाखरांचा काय भरवसा?"

"एकेका पाखराचा नाही. पण एका कड्यावरची सगळी पाखरं जवळजवळ तेवढंच थांबतात, आणि दुसऱ्या कड्यावरची वेगळं. वीज आधी दिसते आणि गडगडाट मागून येतो, का? आवाज सावकाश चालतो. हाक कड्यावरून खाली जाते, ओ खोऱ्यातून वर येते. ओ देणारा जितका लांब, तितकी शांतता मोठी. माणसाला ओ द्यायला लागणारा वेळ सगळीकडे सारखा धरला आणि वजा केला, की उरतं ते अंतर."

त्याने नकाशा उघडला. तीन कडे, आणि प्रत्येक कड्याभोवती एक वर्तुळ. तिन्ही वर्तुळे खोऱ्याच्या तळाशी एका ठिकाणी एकमेकांना छेदत होती. नकाशावर तिथे काहीच नव्हते. नुसता हिरवा रंग, आणि कंपनीच्या आराखड्यातून आणलेला एक शब्द : निर्मनुष्य. तिथे कंपनी 'रानभैरव अरण्यनगरी' उभारणार होती.

"आमची आजी म्हणायची, आपलं गाव वर डोंगरात होतं," हिरालाल म्हणाला. "आम्हांला सपाटीवर आणून बसवलं तेव्हा बाबा रांगत होते. कागदावर गाव नव्हतंच, हंगामी झोपड्या लिहिल्या होत्या. कुठे होतं ते दाखवणारं कोणी उरलं नाही. आई एवढंच शिकवायची, की हाक आली तर तोंडात घास असला तरी ओ द्यायची. मेल्याशिवाय गप्प राहायचं नाही. आम्ही खेळात असलो आणि ओ दिली नाही, की धपाटा. मला वाटायचं, आई तापट आहे."

तो हसला, आणि मग त्याला हसता येईना.

वैजयंतीच्या वडिलांचे गाव नकाशावर ठळक अक्षरांत होते. हे आपल्याला कधी जाणवलेही नव्हते, याचे तिला वाईट वाटले.

आबांना सांगायचे काम तिने स्वतःकडे घेतले. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांना चहा दिला, समोर बसली आणि काही न लपवता सगळे सांगितले. शेवटी पूर्ण आवाज ऐकवला. हाक, शांतता, ओ.

ओ ऐकताच आबांनी बशी खाली ठेवली.

"ह्येच," ते म्हणाले. "ह्येच बेनं."

मग त्यांना आपण काय बोललो ते कळले.

"आमचा तळ कड्यावर हुता," ते अखेर म्हणाले. "पहाटचं मोह वेचायला माणसं निघायची. चहा पिताना ऐकू यायचं कायबाय. मी म्हणायचो गुरं हाकत असतील. मन देऊन कोण ऐकतंय? मास्तरांच्या पुस्तकात नुसतं लिहिलेलं, मेघासारखी आरोळी. ती काय मला जमंना. डायरेक्टर शिव्या घालतोय. आणि एक दिवशी आपसूक घशातनं आली बघ. मला वाटलं, देवानं दिली. साठ वर्सं मी तेच समजतोय."

"तुम्ही खोटं बोलला नाहीत आबा. नक्कल करणाऱ्याला नक्कल कळतच नाही. पाखरालाही कळत नाही."

"म्हंजे मी बी त्या झाडावरचं एक पाखरू."

"हो."

"आणि ती लोकं मला हाकेला ओ देत हुती. एका येड्या पैलवानाला. प्रत्येक टेकला." आबांनी डोळे पुसले. "आणि मी साठ वर्सं त्यांची टिंगल करून टाळ्या घेतल्या."

वैजयंतीने त्यांचा हात धरला. आबांनी तो धरू दिला, पण त्यांची नजर अजून पडद्यावरच्या निळ्या रेघेवर होती. तालमीत वाढलेला माणूस हरल्यावर फार वेळ मातीत पडून राहत नाही.

"वैजू, माझ्यात आणि त्यांच्यात फरक काय म्हणालीस?"

"तुमच्यात ओ नाही. आणि तुमच्यात ठसका आहे."

"आणि कंपनीच्या त्या मुद्रेत?"

"ठसका आहे, ओ नाही." बोलता बोलताच ती थांबली. निकाल येऊन एक दिवस झाला होता, पण हे तिला सुचले नव्हते.

"मग लिही," आबा म्हणाले. "हाक त्यांची. धूर मडक्याचा. ठसका तेवढा हुपरीकराचा. सनई-कोल्ह्याला ठसका लागत न्हाई."

लवादापुढे झाले ते असेच. वंशवृक्षाच्या हिशेबाने हाकेचे सूर भवरखोऱ्यातल्या माणसांचे होते, म्हणून कुणा एकाच्या नावावर नोंदवता येण्यासारखे नव्हते. त्या सुरांवर पडलेली एकमेव नवी गोष्ट म्हणजे ठसका, आणि तो कंपनीच्या ध्वनिमुद्रेत आला होता तो एका माणसाच्या चुकीतून. कंपनीच्या तज्ज्ञाने दोन दिवस उलटतपासणी केली. शेवटी त्याने स्वतःच यंत्र चालवून पाहिले आणि तेच झाड उभे राहिले. ध्वनिमुद्रा रद्द झाली. अध्यक्षांनी आनंदरावांना विचारले, आपल्याला काही सांगायचे आहे का?

"माझी चूक माझ्या नावावर लावलीत, उपकार झाले," आबा म्हणाले. "बाकीचं ज्यांचं हाय त्यांचं गाव नकाशावर लावा."

गावाचा प्रश्न लवादाच्या कक्षेत येत नव्हता. पण तीन वर्तुळांचा तो नकाशा आता अधिकृत पुरावा झाला होता. हिरालालच्या वस्तीतली माणसे तो घेऊन योग्य त्या कचेरीत गेली. तो झगडा लांबणारा होता आणि अजून चालू आहे. त्या जागेवर उकरल्यावर चुलीचे दगड आणि एक जाते मिळाले, एवढे मात्र झाले. अरण्यनगरीचे काम थांबले.

मोहाच्या हंगामात आबांनी हट्ट धरला, मला तिथे न्या. डॉक्टर नको म्हणाले, वैजयंती नको म्हणाली. आबांनी दोघांनाही जुमानले नाही. साठ वर्षांपूर्वी जिथे कॅमेरा लावला होता, त्याच कड्यावर सकाळी जीप थांबली. हिरालाल आणि त्याच्या वस्तीतली काही माणसे आधीच खाली उतरून वर्तुळे मिळाली होती त्या जागी उभी होती. त्यांतल्या कुणालाही ती ओ येत नव्हती. रानकानांवरची ध्वनिमुद्रणे लावून त्यांनी ती पाखरांकडून शिकून घेतली होती.

आबांनी तोंडाशी तळवे धरले. हाक निघाली. आवाज आता चिरकत होता, श्वास अपुरा पडत होता. तिसऱ्या चढावर ठसका आला, आणि या वेळी तो धुराचा नव्हता. पण हाक पुरी झाली.

"चित्रपटात इथं मी वेल धरून उडी मारायचो," आबा पुटपुटले. "साठ वर्सांत हाक दिल्यावर थांबलो न्हाई कधी."

आता ते थांबले. खोऱ्यात काहीच हलले नाही. वैजयंतीला वाटले, आवाज खाली पोचलाच नसावा. आबांनी जीपचे दार घट्ट धरले होते.

मग खालून, पुष्कळ लांबून, पुष्कळ माणसांची मिळून ओ आली.

आबांनी जीपचे दार सोडले आणि नुसते हात जोडले. नंतर आठवडाभर ते पायथ्याच्या विश्रामगृहात राहिले. रोज सकाळी जीप त्यांना कड्यावर नेई, रोज एकच हाक, आणि रोज तिची ओ. दोन तारांचा एक काळा पक्षी पांगाऱ्यावर बसून मान वाकडी करून ऐकत असे. पण भृंगराज त्या रानात सगळीकडेच होते, त्यामुळे त्याच्याकडे कुणी लक्ष दिले नाही.

पावसाळा संपता संपता आबा गेले. झोपेतच, काही त्रास न होता. वर्तमानपत्रांनी 'रानभैरव हरपला' असे मथळे दिले. वैजयंतीने सगळे विधी केले, माणसे सांभाळली, आणि पंधरा दिवसांनी कामावर आली. तिला रडू आले नव्हते. सगळे म्हणत, खंबीर आहे.

हिवाळ्यात हिरालाल नव्या ध्वनिमुद्रणांची पेटी घेऊन आला. नेहमीचेच काम होते. वैजयंतीने कानाला यंत्र लावले. पहिल्या कड्याची पाखरे, जुनी हाक, जुनी ओ. दुसऱ्या कड्याचीही तशीच. तिसऱ्या कड्यावरचे पाखरू कोवळे असावे, त्याची शीळ अजून कच्ची होती. त्याने थोडा मांजराचा आवाज काढला, मग हाक सुरू केली. होऽऽ. ओऽऽ. तिसऱ्या चढावर ते अडखळले. घशात काहीतरी अडकावे तसा एक बारीक, खरखरीत ठसका आला, आणि मग हाक पुरी झाली.

तिने ते पुन्हा ऐकले. पुन्हा तोच ठसका, त्याच जागी. शास्त्राच्या दृष्टीने ही झाडाला फुटलेली नवी फांदी होती. तिची जागा ठरवायला यंत्राचीही गरज नव्हती. सलामीचा हात कुणाचा आहे, हे ती झोपेतही सांगू शकली असती.

हाकेनंतर पानांची सळसळ सुरू झाली. पाखराने पुढची ओ उचलली होती की नाही ते अजून कळायचे होते. समोर बसलेल्या हिरालालने तिच्याकडे पाहिले आणि तो काही विचारणार, तेवढ्यात वैजयंतीने कानाचे यंत्र काढून टेबलावर ठेवले. तिच्या गालांवरून पाणी वाहत होते. गप्पा बाहेर ठेवायच्या त्या नमद्याच्या खोलीत तिने तोंडाशी दोन्ही तळवे धरले, आणि जेवढा आवाज होता तेवढ्या आवाजात ओ दिली.